पाच ठोके

वसमतच्या हळद बाजारात, मोठ्या काट्यामागच्या खोलीत
चार सर्व्हर आहेत. पत्ता एकच.
खोलीला एसी, तरी दाराच्या फटीतून पिवळी पूड
आत येतेच, पंख्यांच्या पात्यांवर बसते.
महिन्यातून एकदा मी ब्रशनं झाडते, शिंकते,
आणि गफूरचाचा जनरेटरजवळून ओरडतात,
"कोन गेलं गं आत?"

अकराला बोली उघडते.
सांगली, इरोड, निजामाबाद, कुठून कुठून
त्या एका पत्त्यावर हाका येतात.
लोकांना वाटतं दारात कुणी बसलंय,
तू इकडं जा, तू तिकडं, असं वाटून देणारं.
कुणी बसलेलं नाही.
प्रत्येक हाक चौघांनाही ऐकू जाते.
प्रत्येक जण आपल्याशी आकडेमोड करतो,
माझी, की माझी नाही,
आणि तिघं मुकाट्यानं सोडून देतात.
चौथा म्हणतो, ओ.

हे गणित एका फाइलीत आहे.
सिस्टीमच्या फोल्डरात, तीन हजार भावंडांच्या गर्दीत.
नाव वाचायला गेलं तर जिभेला गाठ पडते,
नुसती व्यंजनं, आणि शेपटाला डीएलएल.
डबल क्लिकला उघडत नाही.
एकदा हट्टानं नोटपॅडात ओतली:
चौकोन, चौकोन, उलटी प्रश्नचिन्हं,
आणि मधेच एक धड वाक्य, कुणीतरी लिहून ठेवलेलं,
की हे असं एकट्यानं चालायचं नाही.
मी हसले.
मग बराच वेळ हसले नाही.

दर सेकंदाला एकमेकांना ठोका देतात ते.
आहे. आहे. आहे. आहे.
पाच ठोके चुकले की उरलेले काय ते समजतात,
एकमेकांकडे वळतात, नव्यानं मोजतात,
त्याच्या हाका आता थोड्या तुझ्या, थोड्या माझ्या.

मंगळवारी तिसरा गेला. अकरा वाजून सात मिनिटांनी.
बाहेर सेलमच्या ढिगावर बोली रंगली होती,
एकाही अडत्याची मान वर झाली नाही.
लॉग वाचला. रात्री लाइट गेली तेव्हा
अपडेट अर्ध्यात तुटलं, आणि त्या फाइलीची तारीख
बाकी तिघांपेक्षा चार वर्षं मागं राहिली.

आम्ही पण चौघी.
आईचा निरोप ग्रुपवर पडतो, नांदेडला डायलिसिस,
सोमवार, गुरुवार, कोण यायलंय.
चौघींच्या निळ्या खुणा उमटतात.
चौघी आपापल्याशी मोजतो,
माझं, की माझं नाही.
आमच्यात ते गणित कुणी बसवलंच नाही,
म्हणून कधी कधी चौघींचंही उत्तर एकच येतं.

कुशावर्ता तिसरी. पुण्यात असते.
दिवाळीपासून ठोका नाही.
आम्ही तिघींनी तिचे गुरुवार वाटून घेतले,
न बोलता, न भांडता,
आणि मला वाईट वाटतं ते याचं
की जमलं.

दुसऱ्यावरची फाइल उचलून तिसऱ्यावर ठेवली.
बाइट न बाइट जुळवला. रीस्टार्ट.
पंखा घुरघुरला, हळदीची बारीक रेघ हवेत उडाली.
स्क्रीनवर चार हिरवे.
कुठं होतास, असं त्याला कुणी विचारलं नाही.
तिघं क्षणभर थांबले, पुन्हा मोजलं,
त्याचा वाटा त्याच्याकडं सरकवला.

"झालं का गं?" गफूरचाचा दारात, हातात चहाची बशी.
"झालं. एक फाइल होती."
"मंग एका फाइलीला एवढा येळ कामून?"

काट्याच्या कट्ट्यावर बसून मी तिचा नंबर काढला.
बोटं पिवळी, स्क्रीनवर पिवळा ठसा.
रिंग.
रिंग.
तेवढ्यात फडातली घंटा झाली, दुसऱ्या बोलीची,
हमाल ओरडले, पोती सरकली,
आणि पलीकडून कुणी ओ म्हटलं का,
ते मला ऐकूच आलं नाही.
फोन मी कानाला तसाच धरून ठेवलाय.